बुरुजावरची उडी

पिंप्राळ्यात खोली बघायला गेलो तेव्हा घरमालकांनी मला फाटकातून परत पाठवलं. खोली द्यायची नव्हती म्हणून नव्हे. मी आत आलो ती रीत त्यांना पसंत पडली नव्हती.

“भाडेकरू असा येत नसतो,” ओसरीतल्या खुर्चीवरून ते म्हणाले. “भाडेकरू फाटकाशी थबकतो. घराकडे बघतो. परवडेल का, असा विचार त्याच्या चेहऱ्यावर येतो. मग तो कडीला हात घालतो. जा, परत या.”

मे महिन्यातलं जळगावचं ऊन. सुमन, माझी बायको, पिशवी डोक्यावर धरून फाटकाशी उभी होती. मला वाटलं, म्हातारा थट्टा करतोय. पण तो डोळे बारीक करून, दोन्ही हातांच्या बोटांची चौकट करून माझ्याकडे बघत होता. मी बाहेर गेलो, थबकलो, घराकडे बघितलं. परवडेल का हा विचार चेहऱ्यावर आणायला मला काही अभिनय करावा लागला नाही.

“हां, चालेल,” ते म्हणाले. “बायकोचं काम जास्त चांगलं झालं.”

अशी ती खोली आम्हाला मिळाली. मी एका शाळेत इतिहास शिकवत होतो, त्यामुळे नाना मला मास्तर म्हणत. नाना हे त्यांचं नाव नव्हे, पण गल्लीत त्यांना दुसरं काही कुणी म्हणत नसे. पाठीमागे म्हणत, ते इथे लिहिण्यासारखं नाही.

ऐंशीच्या पुढचे गृहस्थ. दाढी रोज गुळगुळीत केलेली, गालावर पावडरीचा हात, आणि चव्वेचाळीस अंश तापमानातही अंगात बंद गळ्याचा कोट. कोटाला चांदीची सहा बटणं. बोलायला तोंड उघडलं की मात्र सगळा थाट उतरायचा. पाटीवर पेन्सिल करकरावी तसा त्यांचा आवाज होता. त्या आवाजात ते गल्लीतल्या प्रत्येकाला सूचना देत. भाजीवालीने टोपली कशी उतरवावी, पोस्टमनने सायकलला टेकून कसं उभं राहावं, म्हशीने कुठल्या बाजूने यावं. म्हैस सोडून सगळे ऐकत. का ऐकत, हे मला आजही कळलेलं नाही. सिनेमावाला माणूस म्हटला की आपल्याकडे लोकांचे गुडघे सैल होतात, एवढंच.

कारण नाना एकेकाळी सिनेमाचे दिग्दर्शक होते. मूकपटांचे. ही गोष्ट ते पहिल्या दिवशी सांगत, दुसऱ्या दिवशी सांगत आणि तुम्ही त्यांच्या घरात असेपर्यंत सांगत राहत. वडिलांचा धरणगावला कापसाचा व्यापार. गावात आलेल्या नाटक कंपनीबरोबर हे पळाले. दिसायला नाजूक, म्हणून सिनेमात गेल्यावर लुगडं नेसून बायकांची कामं करायला लागले. तेव्हा घरंदाज बायका कॅमेऱ्यासमोर उभ्या राहत नसत. पुढे खऱ्या बायका मिळू लागल्या आणि यांची मिशी लपेनाशी झाली. मग हे नायकाचे मित्र झाले, सेनापती झाले. एकदा स्टुडिओचा दिग्दर्शक तापाने अंथरुणाला खिळला, तेव्हा सूचना ओरडायचा भोंगा यांच्या हातात आला आणि तो यांनी परत दिला नाही. पुढे आपण किती चित्रपट काढले तो आकडा ते ऐकणाऱ्याचा चेहरा बघून ठरवत. माझ्या वाट्याला अकरा आले होते. तलाठ्याला त्यांनी वीस सांगितले.

मग सिनेमा बोलायला लागला. “चित्र बोलायला लागलं आणि माणसं बघायची थांबली,” हे नानांचं आवडतं वाक्य. खरी गोष्ट एवढीच, की त्यांनी स्वतः बोलून दाखवलं तेव्हा स्टुडिओतले हमालसुद्धा हसले. पण नानांनी त्याचं तत्त्वज्ञान केलं होतं. घरात टीव्ही होता. त्या गल्लीतला पहिला. रविवारी सकाळी पौराणिक मालिका लागली की लोक आंघोळी करून, पोरंबाळं घेऊन त्यांच्या ओसरीत येऊन बसत. सगळे नीट बसले की नाना उठत आणि आवाज बंद करत. मग देव काय म्हणाले आणि राक्षस काय म्हणाला ते आपल्या करकरत्या आवाजात सांगत; आणि मधेच, “कॅमेरा कुठे ठेवलाय बघा गाढवाने,” असं म्हणत. पलीकडच्या घरातल्या म्हातारीने हात जोडलेले असत. तिला बिचारीला कळत नसे की हे देवाला म्हणताहेत की कुणाला. गल्लीत दुसरा टीव्ही आला त्या रविवारी नानांच्या ओसरीत एकटा मी होतो. आणि मी भाडेकरू होतो.

एक प्रसंग मात्र मी विसरत नाही. शेजारचे निवृत्त हेडमास्तर वारले. घरात माणूस मावत नव्हता. नाना काठी टेकत गेले, दारातल्या बायकांना म्हणाले, “बाजूला व्हा, उजेड अडतोय.” बायका बाजूला झाल्या. मग त्यांनी हेडमास्तरांच्या मुलीला, जी नुकतीच पाचोऱ्याहून धावत आली होती, हात करून थांबवलं.

“आल्या आल्या रडू नको. आधी बघ. तुला खरं वाटत नाहीये. मग रड.”

ती पोर खरंच थांबली आणि गोंधळून त्यांच्याकडे बघायला लागली. तिच्या नवऱ्याने पुढे येऊन नानांच्या दंडाला धरलं आणि त्यांना जवळजवळ उचलून रस्त्यावर आणून ठेवलं. नानांनी कोट झटकला. मला म्हणाले, “एवढ्या सगळ्यांत चांगलं काम मेलेला माणूस करत होता.”

मी हसलो नाही. हसायला येण्यासारखं होतं, पण त्या मुलीचा चेहरा माझ्यासमोर होता.

या माणसाची बायको म्हणजे अक्का. ठेंगण्या, काळ्यासावळ्या, डाव्या पायाने लंगडणाऱ्या. नानांना घरात बोलणं खपत नसे, म्हणून ते अक्कांशी बोटांनी बोलत. एक बोट म्हणजे पाणी. दोन बोटं म्हणजे चहा. हात आडवा फिरवला की ताट उचला. भरीत तिखट झालं तर ताट नुसतं पुढे सारत. अक्काही गप्प राहून करत. मला वाटायचं, बाईला बोलताच येत नसावं. पण दुपारी नाना झोपले की त्या आमच्या खोलीत येत, सुमनबरोबर तांदूळ निवडत बसत, आणि मग त्यांच्या तोंडाची टकळी थांबत नसे. धुळ्याकडची अहिराणी, अधूनमधून आमच्यासाठी शहरी मराठी. नानांनी गल्लीत सांगून ठेवलं होतं की त्या एका गरीब स्वयंपाक्याची मुलगी. लंगड्या पोरीला कोण पत्करणार, म्हणून आपण उपकार केले.

नानांची सगळ्यात मोठी गोष्ट बुरुजाची होती. शत्रूच्या तावडीतून सुटायला राजकन्या किल्ल्याच्या बुरुजावरून खाली डोहात उडी घेते. “नटी वर चढली आणि थरथरायला लागली,” नाना सांगत. “मी म्हटलं, उतर खाली. तिचं लुगडं नेसलो, तिचे दागिने घातले आणि स्वतः उडी मारली. दिग्दर्शक असा असतो, मास्तर.” ऐकणारे माना हलवत. मीही हलवली.

ती गोष्ट मी जेवताना सुमनला सांगितली तेव्हा तिचा घास हातातच राहिला.

“उडी अक्कांनी मारली,” ती म्हणाली.

“काय?”

“ती नटी म्हणजे अक्का. त्यांची आई धुळ्याला गाणारी होती. मुलीला घेऊन सिनेमात गेली. खाली जाळं लावलंय असं नानांनी सांगितलं होतं. जाळं नव्हतं. डोहही अर्धा आटलेला. पाय तेव्हाच मोडला. मग त्यांची आई यांच्या दारात बसली, लग्न करेपर्यंत उठली नाही.”

“तुला कोणी सांगितलं?”

“अक्कांनीच. दोन वर्षांपूर्वी.”

“मग मला का नाही सांगितलंस?”

“तुम्ही नानांच्या ओसरीत बसता,” सुमन म्हणाली.

इतिहास शिकवणाऱ्या माणसाला हे लागायला हवं तेवढं लागलं. पण पुरावा? नाना म्हणत, आपले सगळे चित्रपट स्टुडिओच्या आगीत गेले. अक्कांचं म्हणणं वेगळं. जुन्या फिल्मवर चांदीचा अंश असतो. तो धुऊन काढणारे लोक होते. नानांनी आपल्या हातांनी डबे नेऊन त्यांना दिले आणि त्या चांदीची बटणं करून घेतली. म्हणजे कोटावर सहा चित्रपट लावून हा माणूस ओसरीत बसत होता.

पुरावा निघाला तो दोंडाईच्याला. तिथल्या युसूफभाईंचे आजोबा खानदेशातल्या जत्रांतून तंबूतला सिनेमा दाखवत फिरायचे. स्वतः युसूफभाई एका टॉकीजमध्ये ऑपरेटर. घराची डागडुजी करताना माळ्यावर आजोबांचं हाताने फिरवायचं यंत्र आणि फिल्मचा एक गंजलेला डबा सापडला. डब्यावरचं चित्रपटाचं नाव धुळ्यातल्या काही सिनेमावेड्या मंडळींच्या कानावर गेलं. त्यांच्यातल्या एकाने कुठल्याशा जुन्या मासिकात नानांचं नाव वाचलं होतं. ते शोधत पिंप्राळ्याला आले. म्हणाले, धुळ्याला सत्कार करू आणि रीळ दाखवू.

“कोणतं रीळ आहे?” नानांनी विचारलं.

“बुरुजाचं, असं युसूफभाई म्हणतात. उजेडात धरून बघितलंय त्यांनी.”

नानांनी कोटाचं एक बटण चाचपलं. मला वाटलं, आता प्रकृतीचं कारण सांगतील. पण सत्काराचं नाव निघाल्यावर हा माणूस मरणाच्या दारातूनही परतला असता. “येईन,” ते म्हणाले. अक्कांना न्यायची गोष्ट मात्र त्यांनी हात आडवा फिरवून निकालात काढली.

सुमनने त्या हाताकडे बघितलंच नाही. “अक्का माझ्याबरोबर येताहेत,” ती म्हणाली, आणि आत जाऊन त्यांची पिशवी भरायला लागली.

धुळ्याला एका शाळेच्या सभागृहात कार्यक्रम होता. दुपारची वेळ, खिडक्यांना काळे पडदे लावलेले. नानांना शाल मिळाली, नारळ मिळाला. मग ते बोलले. आधी हरकत नव्हती, पण ते थांबेनात. बुरुजाची गोष्ट त्यांनी पुन्हा सांगितली. फक्त या वेळी लुगड्याचा उल्लेख गाळला आणि, “हे काम कसं करून घ्यायचं ते मला माहीत होतं,” असं एक गुळगुळीत वाक्य घातलं. माणूस किती पक्का आहे ते मला त्या क्षणी कळलं. चित्रात काय दिसणार हे त्याला आमच्या सगळ्यांपेक्षा नीट ठाऊक होतं.

युसूफभाईंनी यंत्राशेजारी वाळूची बादली ठेवली होती. “ही फिल्म दारूगोळ्यासारखी असते,” ते म्हणाले. “त्यात आकसून गेलीय. एकदा जाईल, अल्लाच्या कृपेने. पुन्हा नाही जायची. एकदाच, पण डोळे भरून बघा.”

अंधार झाला. पांढऱ्या चादरीवर आधी नुसते ओरखडे पडले, मग एक किल्ला आला. शिपाई धावले. आणि पायऱ्यांवरून एक मुलगी पळत वर आली. अठरा-एकोणीस वर्षांची. पायांत इतकं बळ, की दोन-दोन पायऱ्या एका वेळी चढत होती. ती बुरुजाच्या टोकावर आली आणि वळली. तेच रुंद कपाळ, तेच डोळे. माझ्या शेजारी सुमनने अक्कांचा हात धरला. मुलीने एकदा खाली बघितलं आणि उडी मारली. मधे कुठे तोडलं नव्हतं, जोडलं नव्हतं. बुरुजावरून पाण्यापर्यंत तीच होती.

मग मागच्या बाकावरून कोणीतरी ओरडलं, “काय बाई आहे राव!” आणि टाळ्यांचा असा कडकडाट झाला की युसूफभाईंनी यंत्राचा दिवा झाकून हात थांबवला. दिवे लागले.

“ही बाई कोण?” एका तरुणाने विचारलं.

सुमन उभी राहिली. “या,” ती म्हणाली. “या इथे बसल्यात.”

सगळ्या माना वळल्या. अक्का पदर सारखा करत बसल्या होत्या. लोक उठून त्यांच्याकडे यायला लागले. पाया पडायला लागले. व्यासपीठावर नाना शाल पांघरून एकटे.

“नाना, उडी तर अक्कांनी मारलेली दिसतेय,” आयोजकांपैकी एक जण हसत म्हणाला.

“उडी कोणीही मारतं,” नाना म्हणाले. “ती कुठून बघायची, हे ठरवायला अक्कल लागते. एका टेकमध्ये घेतलाय तो शॉट. दुसऱ्यांदा घ्यायची गरज पडली नाही मला.”

“पाय मोडलेला. दुसऱ्यांदा चढणार कोण होतं?” अक्का म्हणाल्या. हळूच म्हणाल्या, पण सगळ्यांनी ऐकलं. लग्नानंतर चारचौघांत त्या नवऱ्यासमोर बोलल्या असतील तर ही पहिलीच वेळ असावी.

नानांनी काठी आपटली. “रीळ पुन्हा लावा.”

“नानासाहेब, मी आधीच बोललो होतो,” युसूफभाई म्हणाले. “नाही जायची.”

“लावा म्हणतो ना. हे लोक चुकीचं बघताहेत. आता मी सांगतो तसं बघतील. चित्रपट माझा आहे.”

“राहू द्या हो,” अक्का म्हणाल्या. “बघितलं ना एकदा.”

आयोजकांना सत्कारमूर्तीचा शब्द मोडवेना. त्यांनी युसूफभाईंना गळ घातली. युसूफभाईंनी मान हलवत रीळ गुंडाळलं, पुन्हा चढवलं. किल्ला आला. शिपाई आले. नाना बोटाने दाखवत होते, “इथे बघा, सावली बघा.” मुलगी पायऱ्या चढायला लागली आणि मधेच थांबली. फिल्म अडकली होती. चादरीवर एक तपकिरी डाग उठला, पसरला, आणि यंत्रातून जाळ निघाला. युसूफभाईंनी बादली उपडी केली. खिडक्या उघडल्या तेव्हा सभागृहात धूर होता आणि यंत्राखाली वाळूत एक काळा चिकट गोळा.

युसूफभाई त्या गोळ्याशी उकिडवे बसून राहिले. आजोबांचं एवढंच उरलं होतं त्यांच्याकडे.

नानांनी हे मुद्दाम केलं की नुसत्या हट्टापायी, ते मला आजही सांगता येत नाही. जुनी फिल्म कशी पेटते हे त्या सभागृहात त्यांच्याइतकं कुणाला माहीत असणार? पण आपलं सांगणं राहून गेलं, ही तळमळही खोटी नव्हती. दोन्ही त्यांना शोभण्यासारखं होतं. परतीच्या एसटीत ते खिडकीशी बसले आणि पारोळा येईपर्यंत आयोजकांना नावं ठेवत राहिले. चादरीला सुरकुती होती म्हणे. मग त्यांनी अक्कांकडे बघून एक बोट वर केलं. पाण्याची बाटली अक्कांच्या पिशवीत होती. त्या खिडकीबाहेर बघत राहिल्या. बोट बराच वेळ वर होतं. शेवटी पुढच्या सीटवरच्या एका माणसाने आपली बाटली त्यांना दिली.

त्यानंतर नाना पाच-सहा वर्षं जगले. अक्का त्यांचं सगळं करत, पण तोंडाने मागितलं तरच देत. त्यामुळे त्यांना घरात बोलावं लागलं, आणि त्यांचा तो आवाज दिवसभर आमच्या भिंतीतून यायला लागला. ही शिक्षा अक्कांनी त्यांना दिली होती की आम्हाला, असा प्रश्न मला कधीकधी पडे.

एका सकाळी ते झोपेतच गेले. जळगावात शोकसभा झाली. धुळ्याची मंडळी तिला नव्हती. अध्यक्ष म्हणून एक पुढारी होते. त्यांनी नानांचा एकही चित्रपट बघितला नव्हता. तसा तो आता कुणालाच बघता येणार नव्हता. ते जोशात आले आणि म्हणाले, “नटी घाबरली, तेव्हा या खानदेशच्या वाघाने स्वतः बुरुजावरून उडी घेतली!”

पहिल्या रांगेतून अक्का उठल्या. सुमनने हात दिला. त्या लंगडत माइकपर्यंत गेल्या आणि सभेला शोभणारी शहरी मराठी बाजूला ठेवून म्हणाल्या, “उडी मी मारी. तेनी नही. तो खाले उभा व्हता, भोंगा लिसन. पाय मना मोडना.”

एवढंच. उडी मी मारली, त्याने नाही. तो खाली भोंगा घेऊन उभा होता आणि पाय माझा मोडला. नवऱ्याला त्यांनी पहिल्यांदाच एकेरीत आणलं होतं.

अध्यक्षांनी अलगद माइक काढून घेतला. “अक्कांच्या मनावर मोठा आघात झाला आहे,” ते म्हणाले. “आपण त्यांच्या दुःखात सहभागी आहोत. दोन मिनिटं शांत उभे राहू या.” आणि सगळे उभे राहिले. माझ्या तोंडून शब्द फुटण्याआधी सभा संपली. दुसऱ्या दिवशीच्या पेपरात वाघ होता, बुरुज होता, आणि शेवटच्या ओळीत त्यांच्या पश्चात पत्नी होती.

मी चिडून पेपर घेऊन अक्कांकडे गेलो. ओसरीत गल्लीतल्या बाया भेटायला आल्या होत्या. सभेत असलेल्या एकीने बाहेर येऊन बाकीच्यांना सांगितलं असणार, कारण नानांबद्दल कुणी एक शब्द विचारत नव्हतं.

“अक्का, केवढा उंच होता हो बुरुज?” भाजीवाली विचारत होती.

“उंची कोण बघतं? मी पाणी शोधत होते.”

“भीती नाही वाटली?”

“वाटली ना. आणि हा खालून ओरडतोय, हसत उडी मार, हसत!”

“मग हसलात?”

“कसली हसते,” अक्का म्हणाल्या. “वरून खाली येईपर्यंत त्याला शिव्या घातल्या. आईवरून, बापावरून, साऱ्या धरणगावावरून. पडद्यावर ओठ हलताना बघून लोकांना वाटलं, देवाचं नाव घेते. मुका सिनेमा, कुणाला ऐकू येतंय?”

“कोणत्या शिव्या?” कोपऱ्यातून हेडमास्तरांच्या बायकोने विचारलं.

मी पेपर घडी करून बगलेत धरला आणि माघारी फिरलो. सुतकातल्या त्या घरात बाया तोंडाला पदर लावून हसत होत्या, आणि अक्का एकेक शिवी आठवून, सावकाश, अहिराणीत सांगत होत्या.